मुळ्याचा पदर

माइझुरु, १४ नोव्हेंबर

वन्सं,

मासा पोचला. अख्खा, खारवलेला, डोक्यासकट. पेटीत मी तीनदा हात घालून पाहिला, तळाला एखादा कागद आहे का म्हणून. नव्हता. सप्टेंबरात एक पत्र लिहिलं, ऑक्टोबरात एक लिहिलं, आणि उत्तर म्हणून मासा. माशाचं मी विचारलंच नव्हतं. बंदर आमच्या दारापासून चार मिनिटांवर आहे, मासे इथे मांजरं खात नाहीत इतके आहेत. मला उत्तर हवं होतं.

तुम्ही रागावलाय हे मला माहीत आहे. सव्वीस वर्षं रागावलाय. तुमचे भाऊ गेले तेव्हा आलात, दोन तास बसलात, चहाला तोंड लावलं नाहीत आणि विमान गाठायचंय म्हणून उठलात. बरं. राग तुमचा आहे, तुम्ही सांभाळा. पण आईसुद्धा तुमची आहे. माझी नाही. माझ्या नवऱ्याची होती, आणि नवऱ्याला जाऊन चार वर्षं झाली. आता ह्या घरात एक सून आणि एक सासू, मधे कोणी नाही.

परत सगळं सांगते, कारण मागची पत्रं वाचलीत की तशीच शेगडीत घातलीत कोण जाणे. आई चौऱ्याऐंशीच्या झाल्या. आजचा वार सांगता येत नाही. जेवून पाच मिनिटं झाली की विचारतात, आज जेवायला काय आहे. तुमचे भाऊ गेले हे रोज नव्याने सांगावं लागायचं आणि त्या रोज नव्याने रडायच्या. मग मी सांगणं सोडलं. आता विचारलं की म्हणते, बंदरावर गेलेत.

"एवढा वेळ?"

"कोळणीशी भाव करतायत."

"मग येत नाही तो आज," म्हणतात आणि हसतात.

पण हातात सुरी दिली की सगळं ठिकाणावर येतं. सकाळी सात ते दुपारी बारा, दुकानातल्या फळीपुढे, त्याच जागी, त्याच ठेंगण्या स्टुलावर. वीतभर मुळ्याचा तुकडा डाव्या हातात, सुरी उजव्या हातात. सुरी जागची हलते न हलते, मुळा तिच्याकडे फिरत येतो, आणि पदर सुटत जातो. तुटत नाही. हातभर होतो, दोन हात होतो, फळीवरून खाली लोंबायला लागतो. परवा मी त्या पदराखाली वर्तमानपत्र धरलं. भरती-ओहोटीच्या वेळा वाचता आल्या, अगदी बारीक अक्षरातल्या. मला मोठी अक्षरंसुद्धा धड वाचता येत नाहीत, हे तुम्ही एकदा चारचौघांत बोलला होतात. तरी आल्या.

आता मुद्दा. टेकडीवरच्या वृद्धाश्रमात नव्या वर्षापासून एक जागा रिकामी होते आहे. फॉर्मवर त्यांना रक्ताच्या माणसाच्या नावाचा शिक्का लागतो. सून चालत नाही. नवरा गेलेली सून तर मुळीच चालत नाही, असं तिथल्या माणसाने मला सांगितलं, हसत हसत, चहा पुढे करत. फॉर्म सोबत आहे. पेन्सिलीने फुली केली आहे तिथे शिक्का मारा. तिथे सुरी नेऊ देत नाहीत हेही सांगून ठेवते. नखं कापायची कात्रीसुद्धा त्यांच्या कपाटात कुलपात असते.

हे मला एकटीला ठरवता येत नाही.

अक्षर नेहमीपेक्षा वेडंवाकडं आहे. उजव्या तळहाताला कापलंय. मुळा सोलताना. विशेष काही नाही.

हात्सुए


२४ नोव्हेंबर

वन्सं,

फॉर्म परत आला. कोरा. मागच्या बाजूला तुमच्या हातची एक ओळ. 'आईला काय हवंय ते आईला विचारा.' सहा शब्द. तुमच्या कुशिरोहून इथवर यायला त्यांना आठ दिवस लागले.

विचारलं. तुम्ही सांगितलंत म्हणून लगेच विचारलं, पाय धुवायच्या टबाशी बसून.

"आई, टेकडीवर राहायला जायचं का? गरम पाण्याचं मोठं न्हाणीघर आहे. खिडकीतून समुद्र दिसतो."

"कोणाच्या घरी?"

"कोणाच्या घरी नाही. म्हाताऱ्या माणसांसाठी आहे."

"मग तू जा की. केस बघ तुझे."

"मी गेले तर दुकान कोण बघेल?"

"इतकी वर्षं कोण बघतंय? मी बघतेय. पाय पूस आणि मुळा आण."

हे तुमचं उत्तर. आईंना मुळा हवाय. फॉर्मवर कुठल्या रकान्यात लिहू ते कळवा.

आता एक खोटं दुरुस्त करते. मागच्या पत्रात मुळा सोलताना कापलं असं लिहिलं. तसं झालं नव्हतं. हमाबे बाई म्हणून एक आहेत, आठवड्यातून दोनदा आईंना अंघोळ घालायला येतात. त्या दिवशी लवकर आल्या, आणि आईंना फळीपुढे बघून त्यांचा चेहरा पिठासारखा झाला.

"अहो, ह्यांच्या हातात हे कसलं?"

मी म्हटलं, "ही उसुबा, मुळा सोलायची सुरी. साठ वर्षं आहे त्यांच्या हातात. तुमच्या हातात टॉवेल असतो तशी."

"आज काढून घ्या. ह्यांचं काही झालं तर जबाबदार कोण?"

जबाबदार कोण हे मी तुम्हाला तीन पत्रांतून विचारतेच आहे. तरी त्या गेल्यावर मी सुरी काढून घ्यायला गेले. पुढून गेले असते तर बरं झालं असतं, मी बाजूने गेले. आई म्हणाल्या, "चोर," आणि वळल्या. पातं माझ्या तळहातावरून गेलं. त्यांनी मारलं नाही. वळल्या आणि मधे माझा हात होता.

मग रक्त पाहिलं आणि त्या एकदम शहाण्या झाल्या. मला खाली बसवलं. हात वर धरायला लावला. फडकं फाडून असं घट्ट बांधलं की डॉक्टरसुद्धा म्हणाला, कोणी बांधलंय. आणि बांधताना मला विचारतात, "नवीन आहेस का? घाबरू नको. पहिल्या वर्षी सगळ्यांचंच होतं."

अठ्ठावीस वर्षं मी ह्या घरात आहे.

सुरी त्यांच्याकडेच आहे. हमाबे बाई येतात त्या दोन दिवशी मी ती तांदळाच्या डब्यात ठेवते. आता हेही सांगून टाकते, नाहीतर तुम्ही म्हणाल वहिनी गरीब बिचारी. मागच्या आठवड्यात ओकुदांचा फोन आला. घाटापलीकडची खेकड्याची सराई, त्यांच्याकडे तुमच्या वेळेपासून आपल्या दुकानातलं मुळ्याचं सूत जातं. म्हणाले, "हात्सुएबाई, उशिरा का होईना, हात बसला म्हणायचा तुमचा. सूत कसं उभं राहतंय ताटात. गिऱ्हाईक मासा सोडून ते खातंय. क्योतोहून आलेल्या एकाने विचारलं, कोण करतं."

मी म्हटलं, "आभारी आहे."

ते सूत आईंच्या पदराचं होतं. पदर त्या काढतात, मी नुसते थर रचून बारीक चिरते आणि गार पाण्यात सोडते. तेवढं टाक्यांच्या हाताने होतं. खेकड्याचा हंगाम चालू आहे, सगळ्या सराया भरल्यात, आणि माझ्या उजव्या हातात सुरी अर्धा तास टिकत नाही. त्यामुळे सुरी मी काढून घेत नाही ती काही नुसत्या मायेपोटी नाही. काढून घेतली तर त्या जेवत नाहीत हे खरं आहे. ओकुदा खूश आहेत हेही खरं आहे.

तोच फॉर्म परत पाठवते आहे. सुरकुतलाय, चालेल म्हणाले.

हात्सुए


२ डिसेंबर

वन्सं,

उत्तर नाही. आता मासाही नाही.

इथे बर्फ आणि पाऊस एकत्र पडतोय, आठ दिवस झाले. दुकानातलं पाणी इतकं गार आहे की सूत टाकल्या टाकल्या ताठ होतं. त्यातल्या त्यात ते एक बरं.

आई मला आता तुमच्या नावाने हाक मारतात. पहिल्यांदा मी दुरुस्त करायचे. "चिझुरु नाही आई, मी हात्सुए." त्या माझ्याकडे बघायच्या, कोण ही बाई म्हणून, आणि चेहरा बारीक व्हायचा. तिसऱ्या दिवशी मी दुरुस्त करणं सोडलं. चिझुरु तर चिझुरु.

चिझुरु असण्यात काय असतं ते मला माहीत नव्हतं. पाणी बदललं की "दमलीस का" असं विचारतात. परवा संत्रं सोललं, प्रत्येक फोडीवरचे पांढरे दोरे काढले, आणि अर्धं माझ्या हातावर ठेवलं. मला ह्या घरात संत्रं नेहमी सालीसकट मिळालंय, आणि तेही मोजून. खाल्लं मी. गोड होतं. खाताना वाटलं, कोणी बघत तर नाही ना.

तुम्हाला राग येईल. येऊ दे.

फळीपुढे बसल्या की बोलतात. तुमच्याशी बोलतात, म्हणजे माझ्याशी. बहुतेक जुनंच काहीतरी, मुळा कुठल्या शेतातला घ्यावा, पाऊस पडून गेल्यावर कसा भुसभुशीत निघतो. पण तीस तारखेला एक गोष्ट बोलल्या. ती तुमच्यासाठी होती. मी ऐकायला नको होती. काय बोलल्या ते मी लिहिणार नाही. हवी असेल तर या आणि समोर बसून ऐका. परत बोलतील की नाही ते मात्र माझ्या हातात नाही.

सुरीची काळजी आता करायला नको. मी त्याची सोय केली आहे. सुरी त्यांच्या हातात राहील आणि कोणाला कापणारही नाही. हमाबे बाईंना सांगितलं, त्या म्हणाल्या, बरं केलंत. कसं केलं ते तुम्ही विचारू नका.

शिक्क्याचं बघा.

हात्सुए


७ डिसेंबर

वन्सं,

आईंच्या डाव्या हाताला लागलंय. अंगठ्याच्या मुळाशी. पाच टाके घातले. जिवाला धोका नाही, रक्तही फार गेलं नाही. कळवायला हवं म्हणून कळवते.

सुरी सटकली. ह्या वयात व्हायचंच.

दुकान बंद आहे. ओकुदांना सांगितलं, यंत्रावरचं सूत घ्या काही दिवस.

हात्सुए


१२ डिसेंबर

वन्सं,

काल फोन वाजला तेव्हा मी पेज ढवळत होते. सव्वीस वर्षांत तुमचा पहिला फोन. मला वाटलं, आईंचं कसं आहे विचाराल. तुम्ही विचारलंत, "धार कोणी लावली होती?"

मी फोन ठेवला. तुम्ही पुन्हा केला नाहीत. बरोबरच आहे, तुम्हाला उत्तर कळलं असणार. ज्या बाईने सातव्या वर्षापासून सुरी धरली तिला सुरी सटकली असं लिहून फसवता येत नाही.

मी लावली होती. म्हणजे लावली नव्हती, घालवली होती. एवढ्यात थांबले तर पुन्हा खोटं होईल, म्हणून सगळं लिहिते. दोन दिवस लागतील लिहायला. लागू देत.

तीस तारखेला दुपारी मी सुरी मागच्या अंगणात नेली. सगळ्यात खरखरीत दगड घेतला आणि धार त्याच्यावर उभी धरून ओढली. उभी. विटेवर खिळा ओढतात तशी. दोनदा, तीनदा. तो आवाज अजून दातांत आहे. साठ वर्षं त्या सुरीची पाठ सपाट राहावी म्हणून त्या बाईने दुसऱ्या कोणाला तिला दगड लावू दिला नव्हता. मला द्यायच्या तेव्हाही धार त्याच लावायच्या, माझ्या हातात सुरी फक्त चिरायला यायची. बोटाने पाहिलं, काही लागेना. पुसली आणि फळीवर ठेवली.

माझा हिशेब असा होता की आई एकदा करून बघतील, मुळा कापला जाणार नाही, कंटाळतील, ठेवतील. दुसरी कोणी बाई असती तर तिने ठेवली असती. मला माहीत असायला हवं होतं. लग्न होऊन आले त्या आठवड्यात त्यांनी मला फळीपुढे उभं करून हेच पहिल्यांदा सांगितलं होतं, की सुरीची धार गेली की हात जोर करायला लागतो, आणि जोर केलेल्या हाताला सुरी कुठे जातेय ते कळत नाही. अक्षर नि अक्षर आठवतंय. ह्या धंद्यातल्या दहा वर्षांच्या पोरीलाही हे माहीत असतं. आणि मी सांगते आहे हमाबे बाईंना, आता कोणाला कापणार नाही.

त्यांनी ठेवली नाही. पहिल्या दिवशी पदर जाड निघाला, आणि तुटला. त्यांनी तो उचलून उजेडात धरला. पुन्हा तुकडा घेतला, पुन्हा तुटला. मग सुरी बाजूला ठेवून दोन्ही हात पुढे घेतले आणि बघत बसल्या, उलटे, सुलटे. माझ्याकडे वळून म्हणाल्या, "चिझुरु, माझे हात गेले गं."

मी तिथेच उभी होते. पाणी बदलत होते. तुमचे हात ठीक आहेत आई, सुरी बिघडली आहे, एवढंच म्हणायचं होतं. मी म्हटलं नाही. पाणी बदललं.

पाच दिवस त्या तसंच करत होत्या. रोज सकाळी सातला बसायच्या, आदल्या दिवशीचं आठवायचं नाही, रोज नव्याने हात गेलेले कळायचे. रोज जास्त जोर. सहाव्या दिवशी पातं मुळ्यावरून घसरलं आणि अंगठ्यात शिरलं. आत जी शीर असते, अंगठा वाकवणारी, ती गेली. डॉक्टर म्हणतो, टाके भरतील, अंगठा वाकणार नाही. म्हणजे मुळा फिरवणारा हात संपला. आता खरंच गेला.

वृद्धाश्रमातल्या माणसाला मी कळवलं. तो म्हणाला, "म्हणजे सुरीची अडचण आता उरली नाही. एका परीने सोपं झालं म्हणा."

हमाबे बाई म्हणाल्या, "तुम्ही चांगल्यासाठीच केलं." खरं दोघांनाही सांगितलं नाही. तुम्हाला सांगते, कारण तुम्ही मला आधीपासून वाईटच समजता, तुमच्यापुढे माझं काही जात नाही.

त्या तीस तारखेला सकाळी आई जे बोलल्या ते हे. संत्र्याची साल काढता काढता बोलल्या, माझ्याकडे न बघता.

"चिझुरु, तुझा पदर माझ्यापेक्षा पातळ निघायचा. तू एकोणीस वर्षांची होतीस तेव्हापासून. तू फळीपुढे बसलीस की मला घाम फुटायचा. म्हणून सुरी मी सुनेला दिली. तिचा हात जाड आहे. तिच्यामुळे कधी झोप गेली नाही माझी."

मग म्हणाल्या, "चुकलं माझं," आणि फोड पुढे केली.

ती मी खाल्ली. दोन तारखेच्या पत्रात लिहिलं ना, गोड होती म्हणून. ती हीच.

तुम्ही गेलात त्या दिवशी दारात म्हणाला होतात, सुरी सुनेला आणि पोटच्या पोरीला दाराबाहेरचा रस्ता. मी आत उभी होते. मला वाटलं होतं, मला मान दिला. कोळ्याची पोर, तिसरी पास नाही, हिला घराची सुरी दिली. मी माझ्या आईला पत्र घातलं होतं त्या दिवशी, बाकी कधी घातलं नाही. आता कळलं काय म्हणून दिली होती. माझा हात वाईट म्हणून दिली. एवढी वर्षं मी रोज पहाटे उठून ती हातात घेतली.

ते सकाळी ऐकलं आणि त्याच दुपारी सुरी दगडावर नेली. हमाबे बाईंनी सांगितलं म्हणून नेते आहे, कोणाला लागू नये म्हणून नेते आहे, असं मी मनात म्हणत होते, नेताना पुटपुटतही होते. पण हमाबे बाईंनी पंधरा दिवस आधी सांगितलं होतं. पंधरा दिवस मी नेली नव्हती. तुम्ही हुशार आहात, शिकलेल्या आहात, तुम्हाला ह्यातून काय कळायचं ते कळेल. मला नक्की सांगता येत नाही. मी त्या घटकेला काय होते ते मला आठवत नाही. दगड आठवतो.

आता परवाचं.

टाके घातल्यापासून त्या फळीपुढेच बसतात. दोन्ही हात मांडीवर, डाव्याला पट्टी, आणि ते हलत राहतात. डावा फिरतो, उजवा खालीवर. मधे काही नसतं. चार दिवस असं चाललं. मग म्हणाल्या, "चिझुरु, तू बस. माझ्याने होत नाही. तू कर, मी बघते."

मी सकाळभर बसून सुरी पुन्हा घासली होती. आधी खरखरीत दगड, मग मऊ, मग त्याहून मऊ. आयुष्यात पहिल्यांदा त्या सुरीला मी धार लावली. बरी लागली. पूर्वीसारखी नाही, एका कोपऱ्यात नीट झाली नाही, पण मुळा कापेल इतकी. माझे टाके निघालेत. बसले. मनात म्हटलं, हळू कर, घाई नको, जमेल. अठ्ठावीस वर्षं रोज करते आहे.

आई वाकून बघत होत्या. अगदी जवळून, श्वास माझ्या हातावर येत होता. पदर वीतभर आला, मग दोन वीत. तुटला नाही. मला वाटलं, जमलं. त्यांनी पुढे होऊन लोंबणारं टोक दोन बोटांत धरलं. उजवा अंगठा त्याच्यावरून एकदाच फिरवला.

"तू चिझुरु नाहीस."

रागावल्या नाहीत. दुकानात चुकून शिरलेल्या बाईला सांगावं तसं सांगितलं.

"मीच आहे, आई."

"नाही. तिचा असा नसतो." टोक फळीवर ठेवून दिलं. "तिला बोलव. कुठे गेली ती?"

तेव्हापासून माझ्या हातून काही घेत नाहीत. पेज नाही, आंबट आलुबुखार त्यांना इतकं आवडतं तेही नाही. हमाबे बाई आल्या की त्यांच्या हातून चार चमचे घेतात, तेही तोंड फिरवून. मी खोलीत गेले की विचारतात, तिला निरोप दिलास का. दिवसातून वीसदा. मी सांगते, दिलाय. मग विचारतात, काय म्हणाली. ह्याला मी काय सांगू?

बाकी सगळं त्या विसरल्या. तुमचे भाऊ, मी, जेवण, वार. पण तुमच्या पदराची जाडी त्यांच्या अंगठ्यात आहे. त्याचं मी काही करू शकत नाही. तुमचं नाव घेऊ शकते, तुमचं संत्रं खाऊ शकते, तुमची माफीसुद्धा खाल्ली. पदर नाही काढता येत.

म्हणून हे पत्र. नवा फॉर्म मागून आणला, तिसऱ्यांदा सोबत घातला आहे. माझ्यावर तक्रार करायची असेल तर करा, मी नाही म्हणणार नाही, जे झालं ते वर लिहिलंय, हेच दाखवा. सुरी परत हवी असेल तर घेऊन जा, ती मुळात तुमच्या हक्काची होती. कोपरा तेवढा खराब झालाय, सकाईच्या सुऱ्या करणाऱ्या कारागिराकडे पाठवावी लागेल.

पण आधी इथे या, आणि त्यांच्यापुढे बसून एक मुळा सोला. एकच. तुमचा हात अजून चालतो का, ते मला माहीत नाही. सव्वीस वर्षं तुम्ही मासे भरायच्या कारखान्यात कागद लिहिताय म्हणे. हात गेला असेल तर तसं स्वच्छ लिहा, मग मी तुम्हाला बोलावणार नाही. तुमचाही पदर त्यांनी हातात घेऊन ठेवून दिला तर ते तुम्हाला सोसायचं नाही, आणि मला बघायचं नाही.

आणि यायचं नसेल तर शिक्का मारून फॉर्म पाठवा. मारायचा नसेल तर मारणार नाही असं लिहा. कोरा कागद नको. ओळ नको. हो किंवा नाही.

वृद्धाश्रमवाले वीस तारखेपर्यंत जागा धरून ठेवतायत. वीसला संध्याकाळी पाच वाजता त्यांचा फोन येईल आणि मला काहीतरी म्हणावं लागेल. हो म्हटलं तर त्यांना माझा शिक्का चालत नाही. नाही म्हटलं तर इथे त्या माझ्या हातचं खात नाहीत. पाचच्या आधी मला कळवा की मी काय म्हणायचं.

हात्सुए